काउंटर-स्ट्राइक २ मध्ये मॅच लागत नाही? जोडणी नेमकी कुठे तुटते ते आधी शोधा

काउंटर-स्ट्राइक २ मध्ये मॅच शोधताना काही अडलं की बहुतेक जण सगळे उपाय एका दमात करून टाकतात. राउटर बंद-चालू, डीएनएस (नावावरून सर्व्हरचा पत्ता शोधणारी सेवा) बदल, गेम पुन्हा इन्स्टॉल, आणि तरीही जमलं नाही तर थेट विंडोज फॉरमॅट. त्यातलं एखादं लागूही पडतं. पण कशामुळे पडलं ते कळत नाही, म्हणून पुढच्या आठवड्यात तोच त्रास आला की पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. माझा आग्रह एवढाच आहे की उपायाला हात घालण्याआधी जोडणी कोणत्या टप्प्यावर तुटते ते ठरवा. ते एकदा कळलं की बाकीची निम्मी यादी आपोआप गळून पडते.

हे टप्पे चार आहेत. पहिला, तुमचं स्टीम (ज्यातून हा गेम चालतो ते सॉफ्टवेअर) वॉल्व्हच्या, म्हणजे गेम बनवणाऱ्या कंपनीच्या, सर्व्हरवर लॉग इन होतं. दुसरा, गेम उघडल्यावर तो ‘गेम कोऑर्डिनेटर’ नावाच्या यंत्रणेशी बोलतो. तुमची रँक, प्राइम (खात्याचा वरचा दर्जा) आहे की नाही, कूलडाउन (मॅच शोधण्यावरची तात्पुरती बंदी) चालू आहे का, कोणाची जोडी कोणाशी लावायची, हे सगळं तिथं ठरतं. तिसरा टप्पा रिलेचा. वॉल्व्हनं जगभर रिले सर्व्हर, म्हणजे मधले थांबे, ठेवले आहेत आणि तुमचा गेम त्यांना पिंग करून (छोटा संदेश पाठवून उत्तराला किती मिलिसेकंद लागतात ते बघून) कोणतं केंद्र किती दूर आहे ते मोजतो. चौथा टप्पा म्हणजे प्रत्यक्ष मॅच. त्यातही तुमचे पॅकेट (डेटाचे छोटे तुकडे) थेट गेम सर्व्हरवर जात नाहीत, रिलेमार्फत जातात. त्यामुळे खेळाडूंचा आणि सर्व्हरचा आयपी पत्ता एकमेकांपासून लपतो आणि मुद्दाम सर्व्हर पाडणाऱ्यांना पत्ताच सापडत नाही. भारतात वॉल्व्हची केंद्रं मुंबई आणि चेन्नई इथं आहेत.

पहिले दोन टप्पे साध्या वेब जोडणीसारखे चालतात, म्हणून जवळपास कुठूनही पार पडतात. तिसरा आणि चौथा टप्पा यूडीपीवर, म्हणजे पोच न मागता पॅकेट झटपट पाठवण्याच्या पद्धतीवर, चालतो आणि काही नेटवर्कवर ती अडवलेली असते. स्टीम व्यवस्थित चालू आहे, मित्र ऑनलाइन दिसतात, चॅट जाते, पण मॅच काही लागत नाही, या कोड्याचं उत्तर बहुतेक वेळा याच फरकात असतं.

आधी खात्री करा की दोष तुमच्याकडे आहे

स्टीमची नियमित देखभाल अमेरिकेतल्या मंगळवारी होते, म्हणजे आपल्याकडे साधारण बुधवारी पहाटे. तेव्हा मॅचमेकिंग काही मिनिटं गायब होणं स्वाभाविक आहे. थांबा, काहीही बदलू नका. नवा अपडेट आला की तो येईपर्यंत जुन्या आवृत्तीवरून मॅच शोधता येत नाही. अशा वेळी स्टीम पूर्ण बंद करून परत उघडलं की अपडेट उतरायला लागतो. पूर्ण बंद म्हणजे खालच्या पट्टीतल्या चिन्हावर राइट क्लिक करून एक्झिट. नुसती खिडकी मिटवल्यानं स्टीम बंद होत नाही.

मेनूच्या वर पट्टीत वेळ उलटी मोजली जात असेल तर तो कूलडाउन आहे. मॅच अर्धवट सोडली किंवा लाइन गेली आणि परत येता आलं नाही, तर तो लागतो. तीच चूक पुन्हा पुन्हा झाली की त्याची मुदत वाढत वाढत ७ दिवसांपर्यंत जाते. नेटवर्कशी केलेली कोणतीही खटपट ती कमी करत नाही.

आणखी एक चाचणी लोक विसरतात. सराव मोडमध्ये बॉटसोबत स्वतःच्या संगणकावरच एक मॅच खेळा. तिथंही चित्र अडखळत असेल तर तो लॅग, म्हणजे नेटवर्कमुळे होणारा उशीर, नाही, संगणकाचा एफपीएस (सेकंदाला दिसणाऱ्या चित्रांची संख्या) पडतो आहे. ग्राफिक्स कार्डाचा ड्रायव्हर, तापमान, मागे चालणारे प्रोग्राम बघा. इंटरनेटवाल्याशी भांडून उपयोग नाही.

संदेश काय म्हणतो

स्टीमच ऑफलाइन दिसत असेल तर पहिला टप्पा अडला आहे. ब्राउझरमध्ये बाकी साइट उघडतात का ते बघा. उघडत असतील तर संगणकाची तारीख आणि वेळ तपासा. घड्याळ बरंच मागेपुढे असेल तर सुरक्षित जोडणीचं प्रमाणपत्र अमान्य ठरतं आणि लॉग इन होत नाही. मदरबोर्डवरची छोटी सेल संपलेल्या जुन्या संगणकांत हे हमखास होतं.

स्टीम चालू, पण गेममध्ये रँक किंवा इन्व्हेंटरी येत नाही, मॅच शोधायचं बटण मंद दिसतं, तर दुसरा टप्पा. बहुतेक वेळा तो वॉल्व्हच्या बाजूनं अडलेला असतो. गेम आणि स्टीम एकदा बंद-चालू करा, मित्रांना विचारा. सगळ्यांचंच तसं असेल तर वाट पाहण्याखेरीज काही करता येत नाही.

अधिकृत सर्व्हरपैकी एकाशीही संपर्क झाला नाही, अशा अर्थाचा संदेश आला तर तिसरा टप्पा. यावर खाली सविस्तर लिहिलं आहे.

‘व्हॅक’ला तुमच्या सत्राची पडताळणी करता आली नाही, असं सांगून मॅचमधून बाहेर काढलं तर तो नेटवर्कचा प्रश्न नाही, फसवणूक रोखणाऱ्या यंत्रणेचा आहे. लायब्ररीत गेमवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स, तिथं फाइल पडताळणीचा पर्याय चालवा. तेवढ्यानं भागलं नाही तर स्टीमच्या फोल्डरमध्ये ‘बिन’ नावाचा फोल्डर आहे, त्यात स्टीमसर्व्हिस ही फाइल असते. कमांड प्रॉम्प्ट अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा, त्या फाइलचा पूर्ण मार्ग अवतरण चिन्हांत द्या, पुढे जागा सोडून तिरकी रेघ आणि रिपेअर हा शब्द टाइप करा. नंतर संगणक रीस्टार्ट. गेममध्ये शिरणारे ओव्हरले, मॅक्रो चालवणारे प्रोग्राम वगैरे बंद ठेवा.

मोबाइल हॉटस्पॉटची चाचणी

तिसऱ्या किंवा चौथ्या टप्प्यावर अडलं असेल तर सगळ्यात आधी हे करा. स्टीमचे चालू डाउनलोड थांबवा, नाहीतर एखादा मोठा अपडेट तुमचा दिवसाचा डेटा गिळून टाकेल. मग फोनचा हॉटस्पॉट सुरू करून संगणक त्याला जोडा आणि मॅच शोधा. तो फोन घरच्या वायफायला जोडलेला नाही, मोबाइल डेटावरच आहे, याची खात्री करा.

हॉटस्पॉटवर मॅच लागली तर संगणक, गेम आणि तुमचं खातं तिन्ही ठीक आहेत. दोष घरच्या राउटरमध्ये किंवा लाइनमध्ये आहे. हॉटस्पॉटवरही तोच संदेश आला तर दोष संगणकात किंवा वॉल्व्हकडे आहे. पाच मिनिटांचं काम, पण विंडोज फॉरमॅट करण्यात जाणारा रविवार वाचतो.

दोष संगणकात असेल तर

व्हीपीएन बंद करा. पिंग कमी करून देण्याचं आश्वासन देणारे ‘गेमिंग व्हीपीएन’ही. मुंबईच्या सर्व्हरवर खेळणाऱ्या पुण्यातल्या खेळाडूला त्यांचा फायदा क्वचितच होतो. तुमच्या इंटरनेटवाल्याचा मार्ग खरोखरच वाकडा असेल तेवढ्याच वेळी ते काही भलं करू शकतात, आणि वॉल्व्हचं रिले जाळं तेच काम फुकट करतं.

मग फायरवॉल. विंडोजमध्ये नवीन वायफायला जोडलं की ते नेटवर्क बहुधा ‘पब्लिक’ समजलं जातं. फायरवॉलमधून परवानगी असलेल्या प्रोग्रामच्या यादीत स्टीम आणि काउंटर-स्ट्राइक २ शोधा आणि दोघांसमोर प्रायव्हेट व पब्लिक अशा दोन्ही चौकटींत खूण करा. वेगळा अँटिव्हायरस असेल तर त्याची स्वतःची फायरवॉल असते, तिथंही हीच परवानगी द्यावी लागते. चाचणीपुरता तो काही मिनिटं बंद करून बघायला हरकत नाही, पण निष्कर्ष निघाला की परत चालू करा.

यानंतरही अडत असेल तर विंडोजच्या सेटिंग्जमधला नेटवर्क रीसेट. यात सगळे जतन केलेले वायफाय पासवर्ड पुसले जातात, म्हणून आधी लिहून ठेवा. डीएनएस बदलण्याचा सल्ला सगळीकडे दिला जातो. पहिल्या टप्प्यावर, नाव शोधताना अडत असेल तर त्याचा उपयोग होतो. मॅच सुरू झाल्यावर डीएनएसचा काही संबंध उरत नाही, त्यामुळे त्यानं पिंग कमी होत नाही.

रिले आणि पिंगची मर्यादा

गेमच्या सेटिंग्जमध्ये ‘मॅक्स अ‍ॅक्सेप्टेबल मॅचमेकिंग पिंग’ नावाचा सरकता पर्याय आहे. याहून जास्त पिंगचा सर्व्हर मला नको, असा त्याचा अर्थ. एखाद्या वाईट मॅचनंतर वैतागून तो अगदी खाली ओढला जातो आणि नंतर आठवत नाही. मग संध्याकाळी लाइनवर गर्दी झाली, पिंग थोडा वाढला, की मुंबईही मर्यादेबाहेर जाते आणि गेम म्हणतो की एकही सर्व्हर सापडत नाही. हा आकडा आधी वाढवून बघा.

किती ठेवावा? प्रकाश काचेच्या तंतूतून सेकंदाला साधारण २ लाख किलोमीटर जातो. म्हणजे दर १,००० किलोमीटरला जाऊन-येऊन किमान १० मिलिसेकंद. मुंबई ते सिंगापूर सरळ रेषेत सुमारे ३,९०० किलोमीटर, म्हणजे कितीही भारी प्लॅन घेतला तरी मुंबईतून सिंगापूरला ३९ मिलिसेकंदांच्या आत पिंग मिळणं अशक्य. प्रत्यक्षात केबल सरळ रेषेत टाकलेली नसते आणि वाटेत यंत्रं असतात, म्हणून आकडा बराच वर जातो. नागपूर, कोल्हापूर, पणजी इथून मुंबईसाठी ८० ची मर्यादा पुरेशी ऐसपैस आहे. रात्री उशिरा खेळाडू कमी असताना मॅच लागत नसेल तर ती वाढवा, म्हणजे शेजारची केंद्रंही शोधात येतील.

पार्टी करून खेळत असाल तर हिशेब सगळ्यांचा मिळून होतो. चार जण ठाण्यात आणि पाचवा दुबईत नोकरीला असेल, तर त्याच्याकडून मुंबईचा पिंग त्याच्या मर्यादेत बसायला हवा. एकाचीच मर्यादा कमी असेल किंवा एकाचीच लाइन रिलेपर्यंत पोचत नसेल तर अख्खी पार्टी अडते, आणि दोष कोणाचा ते लॉबीत दिसत नाही. म्हणून प्रत्येकानं एकदा एकट्यानं मॅच शोधून बघावी. ज्याची लागत नाही त्याच्याकडे काम.

रिलेपर्यंत यूडीपी पोचतो की नाही हे तपासायचा आणखी एक मार्ग आहे. सर्व्हर ब्राउझरमधून एखादा कम्युनिटी सर्व्हर जोडून बघा. तिथं खेळता येतं आणि फक्त अधिकृत मॅचमेकिंग अडतं, तर तुमचा यूडीपी बंद नाही. मग मर्यादेचा आकडा किंवा रिलेकडे जाणारा मार्ग यांवर लक्ष द्या. दोन्हीकडे अडत असेल तर यूडीपीच कुठंतरी कापला जातो आहे.

कॉलेजच्या हॉस्टेलमध्ये आणि ऑफिसच्या नेटवर्कवर हे सर्रास असतं. ब्राउझिंगचे ८० आणि ४४३ हे पोर्ट (जोडणीची क्रमांक दिलेली दारं) खुले, बाकीचे बंद. स्टीमला बाहेर जाण्यासाठी यूडीपी २७०१५ ते २७०५०, गेमसाठी यूडीपी २७००० ते २७१००, शिवाय ३४७८, ४३७९ आणि ४३८० हे पोर्ट लागतात. हॉस्टेलच्या नेटवर्क प्रमुखांना अर्ज करायचा तर हे आकडे लिहून द्या. ‘गेम चालत नाही’ यापेक्षा त्या कागदावर विचार होण्याची शक्यता जास्त.

घरच्या राउटरवर मात्र पोर्ट फॉरवर्डिंग (बाहेरून येणारी जोडणी ठरावीक संगणकाकडे वळवणं) करत बसू नका. हे सगळे पोर्ट बाहेर जाणाऱ्या वाहतुकीसाठी आहेत आणि राउटर ती वाहतूक स्वतःहून जाऊ देतो. शिवाय आपल्याकडे अनेक इंटरनेटवाले एकच सार्वजनिक पत्ता शेकडो घरांत वाटतात. राउटरच्या पानावर बाहेरचा पत्ता १००.६४ ते १००.१२७ या दरम्यान सुरू होताना दिसला तर तुम्ही अशाच वाटपात आहात, आणि तिथं पोर्ट फॉरवर्डिंग करूनही ते बाहेरून पोचत नाही. मुंबईच्या सर्व्हरवर काउंटर-स्ट्राइक खेळायला त्यानं काही बिघडत नाही.

घरातली लाइन: खरा दोष बहुधा इथंच

मॅच लागते, पण मध्येच माणसं उड्या मारतात, गोळी लागत नाही, डिसकनेक्ट होतं. इथं अंदाजावर जाऊ नका, मोजा. सेटिंग्जच्या गेम विभागात टेलिमेट्रीचे पर्याय आहेत. तिथून पिंग आणि हरवलेले किंवा उशिरा पोचलेले पॅकेट पडद्यावर दिसतील असं करा. सर्व्हर सेकंदाला ६४ टिकवर चालतो, म्हणजे साधारण दर १५.६ मिलिसेकंदांना एकदा खेळाची स्थिती पुढे नेतो. त्यामुळे सरासरी पिंग २० आहे की ३५ याहून तो स्थिर आहे का हे जास्त महत्त्वाचं. ४५ वर ठाम राहणारी लाइन १५ आणि १५० मध्ये झोके घेणाऱ्या लाइनपेक्षा कितीतरी चांगली.

आता कमांड प्रॉम्प्टच्या दोन खिडक्या उघडा. आयपीकॉन्फिग कमांडनं ‘डिफॉल्ट गेटवे’ म्हणून राउटरचा पत्ता मिळतो, बहुधा १९२.१६८.१.१ किंवा तसाच. एका खिडकीत त्या पत्त्यावर पिंग लावा, दुसरीत ८.८.८.८ या गूगलच्या सार्वजनिक पत्त्यावर. शेवटी जागा सोडून उणे चिन्ह आणि टी लिहिलं की पिंग सतत चालू राहतो, कंट्रोल आणि सी दाबल्यावर थांबतो. दोन्ही चालू ठेवून एक मॅच खेळा आणि लॅग आल्यावर बघा.

राउटरचाच पिंग उसळला तर दोष वायफायमध्ये आहे. २.४ गिगाहर्ट्झवर एकमेकांवर न चढणारे चॅनेल फक्त तीन, १, ६ आणि ११. सोसायटीत प्रत्येक मजल्यावर चार-चार राउटर असतील तर ते तिघांवर दाटीवाटीनं बसलेले असतात, वर मायक्रोवेव्हही त्याच पट्ट्यात गोंगाट करतो. ५ गिगाहर्ट्झवर जा. पण तो भिंतीतून नीट जात नाही, जुन्या वाड्याच्या दगडी भिंतीतून तर जवळजवळ नाहीच. खरा उपाय म्हणजे केबल. साधी कॅट ५ई केबल १०० मीटरपर्यंत गिगाबिट वेग नेते. दाराच्या चौकटीवरून खिळे मारून ओढली की काम झालं. गेमिंग राउटरवर पैसे घालण्याआधी ही केबल टाका, असं मी प्रत्येकाला सांगतो.

राउटरचा पिंग शांत आणि ८.८.८.८ चा उसळतो, तर घरातल्या कोणाचं अपलोड चालू आहे का ते बघा. आईच्या फोनमधून लग्नाचे फोटो बॅकअपला जात असतात, दारावरचा कॅमेरा क्लाउडवर चित्रण पाठवत असतो. अपलोडची क्षमता भरली की तुमचे बारीक पॅकेट राउटरच्या रांगेत मागे अडकतात, टोलनाक्यावर कंटेनरच्या मागे सायकल अडकावी तसे. खात्री करायची तर पिंग चालू ठेवून स्पीड टेस्ट घ्या. अपलोडच्या वेळी पिंग २०० च्या वर गेला तर हेच कारण.

उपाय दोन. सोपा म्हणजे फोटो बॅकअप मध्यरात्रीनंतर चालू करणं आणि स्टीममध्ये गेम चालू असताना डाउनलोड करण्याची परवानगी काढून घेणं. पक्का उपाय राउटरमध्ये: क्यूओएस किंवा एसक्यूएम असा (वाहतुकीची रांग सांभाळणारा) पर्याय असेल तर तो चालू करून अपलोड आणि डाउनलोडची मर्यादा तुमच्या मोजलेल्या वेगाच्या ८५ ते ९० टक्क्यांवर बांधा. थोडा वेग सोडावा लागतो, पण रांग राउटरच्या ताब्यात राहते.

गेमच्या सेटिंग्जमध्ये हरवलेल्या पॅकेटांची भरपाई करण्यासाठी एक-दोन पॅकेटांचं बफरिंग ठेवायचा पर्याय आहे. लाइन सुधारेपर्यंत एक पॅकेटाचं बफरिंग वापरा. थोडा उशीर वाढतो, झटके कमी होतात.

वीज हा वेगळा मुद्दा. क्षणभर लाइट गेली आणि इन्व्हर्टरवर संगणक टिकला तरी राउटर आणि फायबरचा डबा रीस्टार्ट होतो, आणि त्याला परत जोडायला मिनिटं लागतात. या दोघांसाठी १२ व्होल्टचा छोटा डीसी यूपीएस मिळतो. डब्याला आणि राउटरला किती व्होल्ट लागतात ते त्यांच्या अडॅप्टरवर वाचूनच घ्या. तरीही मॅचमधून बाहेर पडलात तर गेम परत उघडा, मुख्य मेनूवर पुन्हा जोडण्याचं बटण येतं. त्या वेळी दुसरं काही दुरुस्त करत बसू नका, हॉटस्पॉट लावा आणि आधी आत जा. नाहीतर कूलडाउन.

इंटरनेटवाल्याकडे जाताना

फायबरच्या डब्यावर ‘एलओएस’ अक्षरांचा दिवा लाल लुकलुकत असेल तर प्रकाशच पोचत नाही, काही मोजायची गरज नाही, फोन करा. पावसाळ्यात खांबावरच्या जोडांत पाणी शिरतं किंवा फांदी पडून केबल ताणली जाते. दिवा हिरवा आहे पण लाइन अधूनमधून तुटते, तर डब्याच्या पानावर मिळणारा प्रकाश किती आहे ते बघा. नेहमीच्या फायबर जोडणीत उणे २७ डीबीएमच्या आसपास किंवा त्याहून खाली आकडा असेल तर सिग्नल काठावर आहे. तंत्रज्ञाला हा आकडा दाखवला की तो जोड तपासल्याशिवाय जात नाही.

रोज संध्याकाळीच त्रास होतो आणि सकाळी लाइन मख्खन, तर गर्दी किंवा मार्ग. ट्रेसराउट (पॅकेट वाटेत कोणकोणत्या राउटरवरून जातात आणि किती वेळ लागतो त्याची यादी) घ्या, एक सकाळचा, एक रात्रीचा. वाचताना एक काळजी घ्या. मधल्या एखाद्या टप्प्यावर तारे दिसले किंवा आकडा मोठा आला म्हणजे तिथं बिघाड आहे असं नाही. अनेक राउटर अशा विचारणेला उत्तर द्यायचं टाळतात. एका टप्प्यापासून सुरू झालेली वाढ शेवटपर्यंत टिकली तरच ती खरी. पुण्याहून मुंबईला जाणारी वाट चेन्नई किंवा सिंगापूर फिरून येत असेल तर तेही इथंच दिसतं, कारण मुंबईजवळचा टप्पा लागण्याआधीच आकडा एकदम चढतो.

समुद्राखालच्या केबल तुटल्याच्या बातम्या आल्या की लोक सगळा दोष त्यांच्यावर टाकतात. सप्टेंबर २०२५ मध्ये तांबड्या समुद्रात जेद्दाजवळ केबल तुटल्या तेव्हा पश्चिमेकडच्या जोडण्या मंदावल्या होत्या. त्या दिवसांत युरोपातल्या मित्रासोबत खेळणाऱ्यांना पिंग वाढलेला दिसणं साहजिक होतं. पण वसई ते मुंबई हा प्रवास समुद्राखालून होत नाही. मुंबईच्याच सर्व्हरवर लॅग असेल तर कारण जवळपासच शोधा.

तक्रार लेखी करा. दोन्ही वेळचे ट्रेसराउट, राउटर आणि ८.८.८.८ च्या पिंगचे फोटो, तारखा आणि वेळा एकत्र पाठवा, आणि चाचणी केबलवर घेतली होती हे आवर्जून लिहा, म्हणजे ‘वायफायमुळे होत असेल’ हे उत्तर मिळणार नाही. डॉकेट क्रमांक, म्हणजे तक्रारीचा क्रमांक, मागून घ्या. ठरलेल्या मुदतीत काम झालं नाही तर ट्राय या दूरसंचार नियामकाच्या २०१२ च्या नियमांनुसार कंपनीच्या अपील प्राधिकरणाकडे जाता येतं. त्या प्राधिकरणाचा पत्ता कंपनीच्या संकेतस्थळावर असतो आणि अपिलासाठी वेगळं शुल्क लागत नाही.